चेक वटला नाही: १३८ ची केस की समरी दावा?

चेक परत आला आणि वकिलाकडे गेलं की पहिला शब्द कानावर पडतो तो '१३८', म्हणजे निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायद्याच्या कलम १३८ खालची फौजदारी केस. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खालचा समरी दावा, म्हणजे पैसे वसुलीचा झटपट दिवाणी दावा, हाही एक रस्ता आहे, पण तो विचारल्याशिवाय सहसा कुणी सांगत नाही. माझा पुठ्ठ्याच्या खोक्यांचा धंदा आहे. दोन वेगवेगळ्या गिऱ्हाइकांवर मी हे दोन्ही रस्ते वापरले आहेत.

१३८ चा वचक खरा आहे. दोन वर्षांपर्यंत कैद किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, हे नोटिशीत वाचून कित्येक जण १५ दिवसांच्या आत पैसे आणून देतात. सही कबूल असली की देणं होतं असं कायदा धरून चालतो, नव्हतं हे चेक देणाऱ्याने दाखवायचं. २०१५ च्या दुरुस्तीनंतर आपलं खातं ज्या शाखेत आहे तिथल्या कोर्टात केस लावता येते. २०१८ पासून चेकच्या २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाईही मागता येते. ती द्यायची की नाही हे न्यायाधीश ठरवतात, तेव्हा तिच्या भरवशावर हिशेब मांडू नये.

तरीही माझं मन १३८ वरून उडालं ते एकाच गोष्टीने, आरोपीच्या गैरहजेरीने. माझा देणेकरी परजिल्ह्यातला. समन्स 'घर बंद' असा शेरा घेऊन परत आलं. मग जामीनपात्र वॉरंट, मग अजामीनपात्र. वॉरंट त्याच्या गावच्या पोलीस ठाण्यात पोहोचायचं आणि तिथेच पडून राहायचं, कारण चोऱ्या-मारामाऱ्या सोडून चेकच्या वॉरंटासाठी माणूस काढणं ठाण्याला जमत नाही. एकदा तो आला, वॉरंट रद्द करून घेतलं आणि पुन्हा दिसेनासा झाला. आरोपी समोर नाही तर केस पुढे सरकत नाही. सहा महिन्यांत निकाल लावण्याचा प्रयत्न व्हावा असं त्याच कायद्याचं कलम १४३ म्हणतं खरं. मला मात्र प्रत्येक तारखेला कामगारांवर कारखाना सोपवून जावं लागे, कारण फिर्यादीच आला नाही तर आरोपी निर्दोष सुटू शकतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या नव्या नागरिक सुरक्षा संहितेत त्याआधी फिर्यादीला ३० दिवसांची मुदत द्यायची आहे, एवढा दिलासा.

समरी दाव्यात गैरहजेरीचा भार देणेकऱ्यावर पडतो. समन्स बजावल्यापासून १० दिवसांत प्रतिवादीने हजेरी नोंदवायची. नाही नोंदवली तर दाव्यातलं म्हणणं त्याला कबूल आहे असं धरून हुकूमनामा होतो. हजर झाला तरी आपण 'समन्स फॉर जजमेंट', म्हणजे निकाल मागणारं दुसरं समन्स, बजावल्यावर पुन्हा १० दिवसांत त्याने बचावाची परवानगी मागायची, आणि बचाव संशयास्पद वाटला तर कोर्ट त्याला आधी रक्कम भरायला लावू शकतं. माझं दुसरं गिऱ्हाईक आलंच नाही. पहिल्या केसमध्ये ज्या गैरहजेरीने मला रखडवलं, तिनेच इथे माझं काम सोपं केलं.

खर्च इथे जास्त, हे मान्य. कोर्ट फी रकमेप्रमाणे चढते आणि सुरुवातीलाच भरावी लागते. लोकअदालतीत तडजोड झाली तर ती परत मिळते. व्यापारी व्यवहार ३ लाख किंवा त्याहून मोठा असेल आणि तातडीचा आदेश नको असेल, तर दाव्याआधी मध्यस्थी सक्तीची आहे. त्यात काही महिने जातात. हुकूमनाम्यानंतरही पैसे आपोआप येत नाहीत, दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावावी लागते, आणि जप्त करण्यासारखं काहीतरी त्याच्या नावावर हवं. माझ्या या दुसऱ्या गिऱ्हाइकाच्या नावावर गाळा आणि टेम्पो होता. ज्याचं सगळं बायकोच्या नाहीतर मुलाच्या नावावर आहे, त्याच्यावर बहुधा १३८ ची भीतीच चालेल. देणेकरी आपल्याच बाजारपेठेतला, रोज चार लोकांत उठबस असलेला असेल तरीही मी १३८ च म्हणेन.

तुमचं प्रकरण वेगळं असू शकतं, वकिलाशी बोलाच. पण माणूस परगावचा, रक्कम मोठी आणि नावावर मालमत्ता असेल, तर मी पुन्हा समरी दाव्याकडेच जाईन. चेक परत आल्याचा बँकेचा मेमो हाती आल्यापासून ३० दिवसांत १३८ ची नोटीस मात्र पाठवून ठेवावी. ती मुदत टळली तर सहसा दिवाणी रस्ताच उरतो, त्याला तीन वर्षं मिळतात. नोटिशीनंतर दोन्ही एकदम चालवायलाही हरकत नाही. एकीकडे वसूल झालेली रक्कम दुसरीकडे वजा होते. वकीलपत्रावर सही करण्याआधी गाळ्याचा उतारा, सातबारा आणि गाडीची नोंदणी कुणाच्या नावावर आहे ते काढून घ्या.