‘डीटूर’ची ब्लू-रे घ्या, ती अ‍ॅन सॅव्हेजसाठी

जुने, गाजलेले सिनेमे डिस्कवर आणणाऱ्या क्रायटेरियन या अमेरिकी कंपनीने २०१९ मध्ये काढलेली ‘डीटूर’ (१९४५) या सिनेमाची ब्लू-रे मी एका नटीपायी घेतली. अ‍ॅन सॅव्हेज. जुन्या अमेरिकी गुन्हेपटांची आवड असणाऱ्यांनाही हे नाव बऱ्याचदा ठाऊक नसतं, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

सिनेमा ७० मिनिटांच्या आतला, पीआरसी नावाच्या गरीब स्टुडिओचा, दिग्दर्शक एडगर उल्मर. एक पियानोवाला लिफ्ट मागत न्यूयॉर्कहून लॉस एंजेलिसला निघतो. वाटेत गाडीचा मालक मरतो, आणि हा त्याचंच नाव, कपडे आणि गाडी घेऊन पुढे जातो. सॅव्हेजची व्हेरा येते तोवर जवळजवळ अर्धा सिनेमा संपलेला असतो. ती गाडीत बसते, डोळे मिटून घेते. मग एकाएकी ताठ होऊन त्याच्याकडे वळते आणि मृतदेह कुठे टाकलास म्हणून विचारते. तिथून पुढचा सिनेमा तिचा आहे.

या सिनेमावर कुणाचा हक्क उरलेला नसल्यामुळे त्याच्या वाटेल तशा प्रती फिरत आल्या. मी आधी पाहिलेल्या प्रतीत तिचा चेहरा म्हणजे नुसता पांढरा डाग होता. या डिस्कवरच्या नव्या, ४के म्हणजे खूप बारीक तपशील दाखवणाऱ्या प्रतीसाठी बेल्जियमच्या फिल्म संग्रहातली प्रिंट वापरली आणि तिच्यावर छापलेली उपशीर्षकं संगणकावर पुसून काढली. आता तिच्या ओठांची मुरड दिसते, डोळ्यांतला शीण दिसतो. केस तेलकट, मळके दिसावेत म्हणून उल्मरने त्यांत कोल्ड क्रीम लावायला लावलं होतं, तेही आता नजरेत भरतं. त्या काळच्या नायिका झोपेतूनसुद्धा केस विंचरलेल्या उठायच्या!

वाक्यं ती इतक्या झपाट्याने फेकते की समोरच्या टॉम नीलला, म्हणजे पियानोवाला झालेल्या नटाला, श्वास घ्यायला फट मिळत नाही. पण मला सगळ्यांत आवडते ती भाड्याच्या खोलीतली रात्र. दारू चढलीय, खोकला थांबत नाही. ती त्याच्या खांद्यावर हात ठेवते, तो प्रतिसाद देत नाही, आणि क्षणभर ती नुसती एकटी, आजारी बाई दिसते. २४ वर्षांच्या मुलीने हे केलंय.

पुढे तिच्या वाट्याला फारसं काही आलं नाही. पन्नाशीच्या दशकात कामं आटली, नंतर वकिलांच्या कचेरीत नोकरी. २००७ मध्ये कॅनडाचा दिग्दर्शक गाय मॅडिन याने आपल्या ‘माय विनिपेग’ या सिनेमात तिला आईची भूमिका दिली. पुढच्याच वर्षी ती गेली.

डिस्कवर उल्मरवरचा माहितीपट आहे. त्यात ती स्वतः बोलते, तेवढ्यासाठीही तो बघाच. मात्र खास तिच्यावर वेगळं काही नाही, आणि ते हवंच होतं.

ब्लू-रे डिस्क ठरावीक भागातल्या (रीजनच्या) प्लेअरवरच चालतील अशा काढतात. ही डिस्क रीजन ए ची आहे, भारत रीजन सी मध्ये येतो. सगळे रीजन चालवणारा प्लेअर असेल तरच मागवा.