पहिलं मॉडेल कुठलं: गुराब की गलबत?

म्हापशाला भेटणारी हौशी मंडळी मराठा आरमाराचं मॉडेल म्हटलं की थेट गुराबेवर येतात. साहजिक आहे, आंग्र्यांच्या ताफ्यातली ती भारदस्त लढाऊ नौका. पण तिचा सांगाडा चकवतो. मधे ऐसपैस रुंद, नाळेकडे, म्हणजे पुढच्या टोकाकडे, निमुळती होत गेलेली, पाण्यात मात्र उथळ. फळी वाफवून वाकवायची सवय नसेल तर नाळेपाशी हमखास चिरते. तीन डोलकाठ्यांची गुराब सुमारे ३०० टनांची, दोन काठ्यांची १५० टनांपर्यंत. सोपं जायचं असेल तर दोन काठ्यांचीच घ्या. पुढच्या पडदीतून नाळेवरून मारा करणाऱ्या दोन तोफा नीट बसवल्यात, तर ओळखणारा लगेच ओळखतो.

गलबत ७० टनांच्या आतलं. डोलकाठ्या दोन, त्यातली मागची अगदीच किरकोळ. मुख्य काठीवर एकच मोठं तिकोनी शीड, ज्याचं टोक काठीच्याही वर जातं. म्हणजे दोरकाम थोडक्यात आटोपतं. हलक्या गलबतांवर चिरलेल्या बांबूचा माळा, म्हणजे वरचा डेक, असे, तो तर बुरडाकडच्या कामटीतूनही जमतो. डोकेदुखी आहे ती वल्ह्यांची! चाळीस-पन्नास, सगळी एकसारखी.

दोर मात्र दोन्हींना पॉलिस्टरचाच. गोव्याच्या पावसात पिळाचा सुती दोरा ओल धरून आखडतो, बारीक काठी वाकवतो आणि उन्हाळ्यात पुन्हा सैल पडतो.

मी नवख्याला गलबतच सांगेन. वल्ही तासताना हात आपोआप बसतो.