जेफ्री पार्कर: पहिलं पुस्तक कुठलं घ्यावं?

सोळाव्या-सतराव्या शतकातले युरोपातले राजे आणि त्यांच्या लढाया समजून घ्यायच्या म्हटल्या की इतिहासकार जेफ्री पार्कर हे नाव कुणीतरी सुचवतंच. शोधायला गेलं की समोर पुस्तकांचा ढीग, त्यातली काही तर चांगलीच जाडजूड. पहिलं पुस्तक चुकीचं हाती लागलं तर माणूस पन्नासाव्या पानावर खूण घालून ठेवतो आणि पुन्हा उघडत नाही. म्हणून माझं मत आधीच सांगतो: ज्या पुस्तकाचं नाव सगळे घेतात, त्यानं सुरुवात करू नका.

ते पुस्तक म्हणजे 'द मिलिटरी रेव्होल्यूशन' (१९८८). त्यातला सिद्धांत थोडक्यात असा. तोफांपुढे उंच, सरळ तट टिकेनात, म्हणून इटलीत बुटके, जाड आणि बाहेर कोन काढलेले बुरूज बांधायला लागले. असे किल्ले घ्यायला महिनोन् महिने वेढा घालून बसावं लागे. वेढ्याला माणसं जास्त लागत, माणसांना पैसा लागे, आणि पैसा उभा करायला कर, कर्ज आणि कारकून. आधुनिक राज्यसंस्था या धडपडीतून घडत गेली, आणि पुढे समुद्रापलीकडच्या साम्राज्यांनाही याच लष्करी बळाचा आधार मिळाला.

वसईच्या किल्ल्यात फिरला असाल तर हा सिद्धांत तुम्ही डोळ्यांनी पाहिला आहे. तिथले बुरूज बाणाच्या टोकासारखे पुढे आलेले आहेत. एका बुरजावर उभं राहिलं की शेजारच्या बुरजाचा पायथा माऱ्यात येतो, भिंतीला चिकटून लपायला जागा उरत नाही. १७३९ मध्ये चिमाजी आप्पांच्या फौजेला तो तट सुरुंग लावून फोडावा लागला. रायगड-राजगडावर मात्र अशा कोनांची गरजच पडली नाही, तिथे कडाच तटाचं काम करतो. आपल्या डोंगरी किल्ल्यांची सवय असलेल्या वाचकाला म्हणूनच या पुस्तकाचा आशियाविषयीचा भाग तोकडा वाटेल. मला वाटला.

तरी त्यातलं एक पान मी विसरू शकत नाही. ८ डिसेंबर १५९४ रोजी विल्यम लुई या नासाऊच्या सरदारानं आपला चुलतभाऊ, डच सेनापती मॉरिस याला पत्र लिहिलं आणि त्यातच आकृती काढून दाखवली: बंदूकधाऱ्यांच्या पहिल्या रांगेनं बार काढायचा, मागे जाऊन पुन्हा दारू भरायची, तोवर पुढची रांग तयार. ही कल्पना त्याला जुन्या रोमन कवायतींच्या वर्णनांतून सुचली होती. जपानात नोबुनागा या सरदारानं १५७५ साली नागाशिनोच्या लढाईत असंच केलं, हे पार्कर यांचं म्हणणं मात्र आज बरेच अभ्यासक मान्य करत नाहीत. मोठ्या सिद्धांताची हीच अडचण असते. तो वाचताना भारून टाकतो, पण त्यावर झालेले वाद ठाऊक नसतील तर तो आहे तसाच डोक्यात बसतो.

याच्या शेजारी 'द आर्मी ऑफ फ्लँडर्स अँड द स्पॅनिश रोड' (१९७२) ठेवा. हे त्यांचं तरुणपणीचं पुस्तक, आणि माझ्या लेखी सर्वांत भक्कम. प्रश्न साधा आहे: आपल्या ताब्यातल्या नेदरलँड्समधलं बंड मोडायला स्पेननं माणसं तिथवर नेली कशी आणि पोसली कशी? समुद्रात शत्रूची जहाजं, म्हणून फौजा इटलीतून निघून आल्प्स ओलांडत, लॉरेन, लक्झेंबर्ग करत ब्रुसेल्सला पोचायच्या. १५६७ मध्ये स्पेनचा सेनापती आल्बाचा ड्यूक सुमारे १०,००० माणसं घेऊन असाच गेला. वाटेतल्या गावांना आधीच निरोप जाई: अमक्या दिवशी इतक्या भाकऱ्या, इतकं मांस, इतका दाणा-वैरण तयार ठेवा. ज्याच्या घरी शिपाई उतरत त्याला चिठ्ठी मिळे. ती दाखवून पैसे मागायचे किंवा करातून वजावट घ्यायची. एवढ्याशा चिठ्ठीवर एका साम्राज्याचं युद्ध चाललं होतं!

आणि पैसा संपला की बंड. १५७२ ते १६०७ या काळात या सैन्यात पंचेचाळीसहून अधिक बंडं झाली. ही नुसती दंगल नव्हती. शिपाई आपला म्होरक्या निवडत, आपली शिस्त लावत, आसपासच्या गावांकडून खंडणी गोळा करत आणि थकलेला पगार हाती पडेपर्यंत हलत नसत. हूगस्ट्रॅटन गावातलं बंड तर १६०२ पासून १६०५ पर्यंत चाललं. थकलेल्या पगारासाठी शिपायांनी सरदाराच्या दारात धरणं धरल्याच्या हकिकती किंवा थोरल्या बाजीरावांची कर्जाच्या काळजीची पत्रं ज्यांनी वाचली आहेत, त्यांना हे पुस्तक परकं वाटणारच नाही. तक्ते आणि आकडे बरेच आहेत. त्यांच्यावरून नजर फिरवून पुढे गेलात तरी चालेल.

रसदीपेक्षा राजाच्या मनात डोकवायचं असेल, तर स्पेनचा राजा दुसरा फिलिप याच्यावरची पुस्तकं घ्या. १९७८ चं छोटं चरित्र आता मागे पडलं. 'द ग्रँड स्ट्रॅटेजी' (१९९८) आणि 'इम्प्रुडंट किंग' (२०१४) यांत निवड करायची आहे. पहिल्यात फिलिप टेबलापाशी दिसतो: सगळे कागद स्वतः वाचणारा, समासात शेरे मारणारा आणि देव आपल्या बाजूनं आहे असं मानून योजनेतली भोकं तशीच सोडणारा. इंग्लंडवर चालून जाणारं स्पेनचं आरमार आणि नेदरलँड्समधला त्याचा सेनापती पार्माचा ड्यूक याची फौज एकत्र येणार कशी, याचं नीट उत्तर १५८८ मध्ये कुणाकडेच नव्हतं. ते प्रकरण अप्रतिम आहे. दुसरं पुस्तक संपूर्ण चरित्र आहे. न्यूयॉर्कच्या हिस्पॅनिक सोसायटीतली सुमारे ३,००० कागदपत्रं त्यासाठी नव्यानं वापरली गेली. त्यात मुलगा डॉन कार्लोसची १५६८ मधली कैद आणि मृत्यू येतो, फिलिपच्या सावत्र भावाचा चिटणीस एस्कोबेदो याचा खून येतो. गोष्ट म्हणून वाचायची असेल तर हे घ्या. निर्णय कसे चुकतात हे पाहायचं असेल तर आधीचं.

'एम्परर' (२०१९) हे फिलिपचा बाप, सम्राट पाचवा चार्ल्स याचं चरित्र त्यानंतरच घ्या, कारण बाप कळायला मुलगा आधी भेटलेला बरा. १५४३ च्या मे महिन्यात स्पेन सोडताना चार्ल्सनं पंधरा वर्षांच्या फिलिपला गुप्त पत्र लिहिलं. त्यात एकेका मंत्र्याचा स्वभाव, हाव आणि कुणावर किती विसंबायचं हे सांगितलं होतं. फिलिपचा पुढचा संशयी कारभार पाहिल्यावर ते पत्र वाचताना अंगावर येतं.

'ग्लोबल क्रायसिस' (२०१३) सर्वांत जाड. सतराव्या शतकातली थंडी, अवर्षण, दुष्काळ आणि बंडं यांचा धागा चीनपासून इंग्लंडपर्यंत ओढलेला आहे. काही ठिकाणी हवामानावर फार भार टाकला आहे असं मला वाटतं. आधी मुघलांवरचं प्रकरण उघडा. १६३०-३२ चा गुजरात-दख्खनचा दुष्काळ तुकोबांच्या घरात शिरला होता, त्यांची पहिली बायको अन्नावाचून गेली. त्या एका घरापासून सुरुवात केलीत तर पुढची शेकडो पानं जड जाणार नाहीत.