ऑटोमेशन की गिअरसिटी?

गाड्यांची कंपनी चालवायचा गेम शोधायला गेलं की फिरून फिरून हीच दोन नावं पुढे येतात. माझ्याकडे दोन्ही आहेत, हल्ली उघडला जातो तो एकच.

इंजिनाची हौस फेडायची तर ऑटोमेशनला तोड नाही. बोअर, स्ट्रोक, कॅम, इग्निशन टायमिंग, सगळं आपल्या हातात. कमी ऑक्टेनच्या पेट्रोलवर कॉम्प्रेशन ताणलंत की नॉकिंग (इंधन अवेळी पेटून इंजिन ठोकायला लागणं) सुरू, आणि ते कशामुळे हे तिथल्या तिथे कळतं. तयार गाडी बीमएनजी ड्राइव्ह या गाडी चालवायच्या गेममध्ये नेऊन चालवता येते, आपटताही येते. गिअरसिटीत एवढी मजा नाही. चासी, इंजिन, गिअरबॉक्स, जे काही बनवायचं ते स्लायडर सरकवून. पडदा बघाल तर जुन्या सहकारी बँकेच्या काउंटरवरचा वाटावा.

तरी माझं घोडं अडलं ते ऑटोमेशनमध्येच. कॅम्पेनमध्ये, म्हणजे कंपनी चालवायच्या खेळात, 1946 साली कंपनी उघडायची आणि मग अख्खी संध्याकाळ हेडलाइट बसवत बसायचं. ग्रिल जरा वर, आरसा जरा मागे, हँडल वाकडं दिसतंय, काढा परत. तेवढ्यात फेसलिफ्टची, म्हणजे त्याच मॉडेलचं रूप बदलायची, वेळ येते आणि पुन्हा तेच. मालक व्हायला बसलेला माणूस पत्र्याच्या कामातच अडकतो. एवढं मनावर घ्यायची सक्ती नाही, हे मान्य. पण कुरूप गाडी बाजारात सोडवत नाही, त्याला काय करणार! शिवाय गॅस्मिया, फ्रुइनिया अशा काल्पनिक देशांत गाड्या विकून माझा जीव काही रमला नाही. तुमचा कदाचित रमेल.

गिअरसिटीत जगाचा खरा नकाशा आहे, हवं तर 1900 पासून सुरुवात करा. एकेक महिना पुढे सरकतो आणि दर महिन्याला काहीतरी ठरवावंच लागतं: कारखाना वाढवायचा का, कुठल्या शहरात शाखा काढायची, डबघाईला आलेल्या प्रतिस्पर्ध्याचे शेअर घ्यायचे का. महायुद्ध पेटलं की विक्री आटते, आणि कर्ज काढून कारखाना वाढवलेला असेल तर झोप उडते. ऑटोमेशनमध्ये पैशाची अशी धाकधूक मला फारशी जाणवली नाही.

गिअरसिटी घेतलीत तर आधी एकच शहर आणि एकच मॉडेल धरा. सगळे स्लायडर पहिल्याच दिवशी समजून घ्यायला जाऊ नका, निम्म्यांना मी अजून हात लावलेला नाही.