निवाडा पुण्याचा, देणेकरी मुरैन्याचा

आमचं घर ग्वाल्हेरला, लष्कर भागात. पुण्याच्या आतेबहिणीच्या भागीदारीत तेल गिरण्यांना यंत्रं पुरवायचा माझा धंदा. 2019 मध्ये इथल्याच, मध्य प्रदेशातल्या मुरैन्याच्या एका मोहरी तेलवाल्याला दोन एक्स्पेलर आणि एक फिल्टर प्रेस दिला. दोन हप्ते आले, मग टोलवाटोलवी सुरू झाली. करारात लवादाचं कलम होतं (वाद कोर्टाऐवजी नेमलेल्या पंचापुढे सोडवायचा), ठिकाण पुणे. ऑगस्ट 2022 मध्ये निवाडा आमच्या बाजूने लागला: 11 लाख 40 हजार आणि वर व्याज. तो रद्द करून मागायला कायद्याने तीन महिने मिळतात, सबळ कारण असेल तर फार तर आणखी 30 दिवस. देणेकऱ्याने काहीच केलं नाही, मुदत संपली. त्याच आठवड्यात आम्ही वसुलीचा अर्ज लावायला हवा होता.

तो लावला नाही, कारण कोर्टाच्या आवारात मला एक गृहस्थ भेटला. वकील नव्हे, स्वतःला वसुली सल्लागार म्हणवायचा. "भाईसाहब, अवॉर्ड पूना का, माल मुरैना में. पहले वहाँ से डिक्री ट्रान्सफर करानी पड़ेगी." एवढं बोलून त्याने मध्य प्रदेश उच्च न्यायालयाचा एक जुना निकाल पुढे केला. तो निकाल खोटा नव्हता, आणि मला सगळ्यात जास्त हेच लागलं आहे. इथल्या उच्च न्यायालयाचं मत एके काळी खरोखर तसंच होतं: लवाद जिथे चालला तिथल्या कोर्टात आधी जा, तिथून डिक्री (वसुलीचा हुकूमनामा) वर्ग करून घे, मग इकडे ये. दिल्ली, मद्रास, केरळची उच्च न्यायालयं याच्या उलट सांगत होती. हा घोळ सर्वोच्च न्यायालयाने 15 फेब्रुवारी 2018 रोजी सुंदरम फायनान्सच्या प्रकरणात कायमचा मिटवला. देणेकऱ्याची मालमत्ता देशात जिथे असेल तिथल्या कोर्टात थेट अर्ज करा, वर्ग करून आणायची गरज नाही. ते प्रकरण वर गेलं होतं तेही मुरैन्याच्याच कोर्टातून. आम्ही त्या माणसाला पहिले पैसे दिले तेव्हा या निकालाला साडेचार वर्षं होऊन गेली होती.

यामागचा विचार मला नंतर एका वकीलबाईंनी समजावला. 1996 च्या लवाद कायद्याचं कलम 36 म्हणतं की निवाडा डिक्रीसारखा अमलात आणायचा. पण तो कुठल्या कोर्टाने दिलेला नसतो, मग वर्ग करणार कोण? कलम 42 मधलं 'एकच कोर्ट' हे बंधन, म्हणजे लवादाबाबतचे सगळे अर्ज एकाच कोर्टात करायचे, हे लवादाचं काम चालू असेपर्यंतचं. अंतिम निवाडा आला की ते काम संपतं. निवाड्याला आव्हान द्यायचं तर पुण्यातच. वसुली मात्र माल असेल तिथे.

पुण्याच्या फेऱ्या, नक्कल, 'साहेबांचा खर्च' अशी कारणं सांगत त्याने सव्वा वर्षात 1 लाख 35 हजार घेतले. केस नंबर मागितला की म्हणायचा, अजून चढला नाही. अखेर जानेवारी 2024 मध्ये ट्रान्सफर ऑर्डर म्हणून एक कागद दिला. निळा गोल शिक्का, सही, तारीख. मी तो तीनदा वाचला आणि निर्धास्त झालो. आतेबहिणीला फोटो पाठवला, दोन मिनिटांत तिचा फोन आला. "दादा, शिक्क्यावर 'जिला न्यायालय' आहे. पुण्यात 'जिल्हा' लिहितात रे." आयुष्यभर ग्वाल्हेरात 'जिला'च वाचत आलो, म्हणून माझी नजर त्या अक्षरावरून सरळ घसरली होती. तिने कोर्टात जाऊन चौकशी केली. आमच्या नावाने तिथे एकही अर्ज नव्हता.

तुमचं काम कुणाकडे दिलं असेल तर सोळा अंकी-अक्षरी सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा स्वतंत्र ओळख क्रमांक) मागा आणि ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर स्वतः टाकून बघा. फुकट आहे, घरबसल्या होतं. मी हे पहिल्या महिन्यात केलं असतं तर बाकीचे पैसे तरी वाचले असते. वकीलपत्र घेतल्याशिवाय आणि पावती दिल्याशिवाय पैसे मागणाऱ्याला पैसे देऊ नका.

पैशांपेक्षा वेळ गेल्याचं दुःख मोठं आहे. त्या सव्वा वर्षात मिलवाल्याने गोदाम मेहुण्याच्या नावावर केलं आणि एक एक्स्पेलर भंगारात विकला. मिलवाल्याचं आणि त्या सल्लागाराचं आपसात संगनमत होतं का, हे मला सिद्ध करता येणार नाही, म्हणून तसं म्हणत नाही.

आता दरखास्त, म्हणजे वसुलीचा अर्ज (इकडे कागदावर 'निष्पादन' लिहितात), थेट मुरैन्यात लावली आहे. मुदत 12 वर्षांची असते, त्यामुळे हक्क शाबूत आहे. कोर्टाने मिलवाल्याला मालमत्तेचं शपथपत्र द्यायला सांगितलं आहे. फसवणुकीची तक्रार त्या शिक्क्याच्या कागदासकट पोलिसांत दिली आहे. गोदामाचा व्यवहार देणं बुडवण्यासाठीच झाला हे दाखवायला मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 53 खाली वेगळा दावा लावावा लागेल; त्यासाठी रजिस्ट्रीच्या नकला काढायला या सोमवारी मुरैन्याला जातो आहे.