जळगावात पिंप्राळ्याकडचं बिनबोर्डाचं गॅरेज: स्कूटरच्या रेसचं काम असेल तर इथेच न्या

पाचपैकी चार स्टार. एक का कापला ते खाली येईलच. ज्यांची स्कूटर रेस (म्हणजे ॲक्सिलरेटर) सोडली तरी लगेच खाली येत नाही, किंवा सिग्नलला थांबलं की बंद पडते, किंवा नुसतं हँडल वळवलं तरी आपोआप भुर्र करते, आणि ज्यांना सगळीकडे "केबल बदलावी लागेल मॅडम" एवढंच ऐकायला मिळालंय त्यांनी हे वाचा, बाकीच्यांनी वाचलं नाही तरी चालेल.

माझी गाडी जुनी, ११० सीसीची, कार्बोरेटरवाली, म्हणजे एप्रिल २०२० ला प्रदूषणाचं बीएस-सिक्स मानक लागू झालं त्याच्या बरीच आधीची. रोज जळगाव ते म्हसावद, शाळा आणि घर. जळगावात अमृत योजनेच्या पाण्याच्या पाइपलाइनसाठी रस्ते खोदले तेव्हापासून जी धूळ खाल्लीय ती आम्हीपण आणि गाडीनेपण, त्याबद्दल इथल्या माणसाला वेगळं सांगायला नको. वरून उन्हाळ्यात पारा ४५ ला टेकतो आणि गाडी शाळेत दिवसभर उन्हात उभी. तर झालं काय की रेसची मूठ जड व्हायला लागली, पिळली की पिळली जायची पण सोडली की सावकाश मागे यायची, आणि वळणावर रेस सोडूनही गाडी पुढे ओढतेय असं झालं की पोटात गोळाच येतो.

आधी शहरातल्या एका मोठ्या सर्व्हिस सेंटरला दिली होती. नाव घेत नाही, एसी वेटिंग रूम आहे आणि चहा फुकट मिळतो एवढंच. त्यांनी केबल बदलली, बिल हातात दिलं, गाडी धुऊन चकाचक करून दिली, पण मूठ होती तशीच. आणि आता गाडी थांबल्यावर बंदही पडायला लागली. परत नेली तर त्यांनी स्लोचा (म्हणजे मूठ न पिळता इंजिन ज्या वेगाने चालतं त्याचा) स्क्रू पिळून रेस वाढवून दिली, बंद पडायची थांबली हे खरं, पण आकाशवाणी चौकात सिग्नलला उभं राहायचं म्हणजे दोन्ही ब्रेक आवळून धरायचे, कारण गाडी स्वतःच निघायला बघायची! या गाड्यांना क्लचची लिव्हर नसते ना, आतला क्लच इंजिनचा वेग वाढला की आपोआप पकडतो, त्यामुळे स्लो गरजेपेक्षा जास्त ठेवली की तो थोडा थोडा पकडतच राहतो. क्लच घासतो, पेट्रोल जळतं, ॲव्हरेज पडतं. म्हणजे दुखणं तसंच ठेवून वर नवीन दुखणं.

मग आमच्या शाळेतल्या शिपाईमामांनी हे गॅरेज सांगितलं. पत्र्याचं शेड, बोर्ड वगैरे काही नाही, बाहेर एक टायर लटकवलाय. साठीतला एकच माणूस, सगळे नाना म्हणतात. पहिली गोष्ट जी मला आवडली ती म्हणजे त्यांनी "घरचे कोणी आलेत का सोबत" असं विचारलं नाही. बायका ज्या गॅरेजला एकट्या जातात त्यांना कळेल मी काय म्हणतेय. "काय होतंय ताई" म्हणाले आणि मी सांगेपर्यंत गप्प बसून ऐकलं.

पाना हातात घेतलाच नाही आधी. गाडी बंद, डबल स्टँडवर, आणि मूठ पूर्ण पिळून सोडली, कान खाली कार्बोरेटरकडे. चांगल्या गाडीत मूठ सोडली की खालची झडप बंद होताना टक् असा आवाज येतो, तो माझ्या गाडीत येत नव्हता. मग हँडल पूर्ण डावीकडे करून तेच, पूर्ण उजवीकडे करून तेच. तिन्ही वेळा सारखीच जड. त्यावरून म्हणाले की केबल कुठे ओढली जात नाहीये, नाहीतर एका बाजूला फरक पडला असता. मग वरच्या टोकाला केबल मुठीतून काढली आणि नुसती मूठ फिरवून बघितली, मला पण फिरवायला लावली. तरी जडच! "वायर चांगली शे ताई, मूठच जाम शे." झालं, रोग सापडला. एवढं करायला फार तर दहा मिनिटं लागली असतील आणि एकही पार्ट बदलला नव्हता. नवी केबल घालायच्या आधी हेच कोणी केलं असतं तर माझे पैसे वाचले असते.

मुठीला लागून असलेला स्विचचा डबा दोन स्क्रूने उघडतो, तो उघडला आणि मुठीची प्लास्टिकची नळी हँडलच्या पाइपवरून ओढून काढली. आत जे होतं ते बघण्यासारखं होतं, जुनं ग्रीस आणि धूळ मिळून काळं, घट्ट, डांबरासारखं लुकण झालेलं, नखाने खरवडलं तरी निघेना. पाइपला थोडा गंजपण. आणि मी हौसेने वरून जे मऊ ग्रिप कव्हर चढवलं होतं ते आत सरकून डब्याच्या कडेला घासत होतं, तिथे घासल्याची चकचकीत रेघ दिसत होती. फडकं रॉकेलमध्ये भिजवून पाइप पुसला, गंजावर बारीक पॉलिश पेपर फिरवला, नळी आतून साफ केली, कोरडी केली, आणि मग ग्रीस अगदी पुसटसं, बोटाला लागेल इतकंच. मी म्हटलं नाना अजून थोडं लावा ना, तर म्हणाले जास्त लावलं की तेच धूळ धरतं आणि सहा महिन्यांनी परत हेच लुकण. कव्हर माझ्या हातात दिलं, घरी न्या म्हणाले. दिवाणखान्यात ठेवू का आता ते.

केबलबद्दल त्यांचं मत ठाम आहे. आतून प्लास्टिकचं अस्तर असलेल्या केबलमध्ये ग्रीस कोंबायचं नाही, चिकटतं. पातळ तेल चालतं, तेपण केबल उभी लटकवून वरच्या टोकाला प्लास्टिकच्या पिशवीचा कोपरा दोऱ्याने बांधून त्यात तेलाचे थेंब सोडायचे, खालून बाहेर यायला लागलं की झालं. त्यांच्याकडे एक केबल तशी खिळ्याला टांगलेली होतीच. टोकाची गोळी जिथे बसते तिथे एक जरी बारीक तार तुटून बाहेर आली असेल तर मात्र तेल-बिल नाही, सरळ नवीन, कारण ती तार अडकली तर रेस उघडीच राहते.

आता ॲडजस्टमेंट, ज्यासाठी खरं तर हा रिव्ह्यू लिहायला घेतला. मुठीला थोडी ढील ठेवावी लागते हे मला माहीतच नव्हतं, मला वाटायचं हात लावला की गाडी उचलली म्हणजे केबल टाइट आणि छान. नानांनी मुठीच्या कडेवर आणि डब्यावर बॉलपेनने समोरासमोर एक एक रेघ मारली, मूठ हळूच फिरवली आणि केबल ओढायला लागते तिथे थांबवून दोन रेघांमधलं अंतर दाखवलं. अ‍ॅक्टिव्हाच्या पुस्तिकेत ही ढील २ ते ६ मिलिमीटर दिलेली असते, माझ्या गाडीला त्यांनी साधारण ३ ठेवली. ढील अजिबात नसेल तर हँडल वळवलं की केबल ताणते आणि रेस आपोआप वाढते, यू-टर्न घेताना असं झालं तर आपटायलाच होतं. फार जास्त असेल तर मूठ अर्धी फिरेपर्यंत काही होत नाही आणि मग गाडी एकदम झटका मारते, शिवाय झडप पूर्ण उघडतही नाही म्हणजे मागे कोणी बसलं की चढावर दम लागतो. बारीकसा फरक करायचा तर मुठीजवळ रबरी टोपीखाली जो ॲडजस्टर असतो तिथे, लॉकनट ढिला करून फिरवायचा आणि लॉकनट परत आवळायचा. जास्त फरक असेल तर खाली कार्बोरेटरच्या बाजूला. लॉकनट आवळायला विसरलं तर आठवड्यात सगळं परत पहिल्यासारखं बिघडतं.

स्लो शेवटी सेट केली आणि त्याआधी मला एक चक्कर मारून यायला लावलं, इंजिन गरम पाहिजे म्हणून. थंड इंजिनवर सेट केलेली स्लो गरम झाल्यावर वर जाते, सर्व्हिस सेंटरात गाडी सकाळी आणून तशीच सेट करतात बहुतेक. या वर्गातल्या स्कूटरला स्लो साधारण १५०० ते १८०० आरपीएम असते, नानांकडे मीटर-बिटर नाही, कानाने करतात. मग स्टँडवर गाडी चालू ठेवून मागचं चाक बघितलं. ते हळू हळू फिरलं तर घाबरायचं कारण नाही, ब्रेक हलकासा दाबल्यावर थांबलं पाहिजे आणि इंजिन बंद पडता कामा नये. हँडल या टोकापासून त्या टोकाला फिरवलं, आवाज तसूभर बदलला नाही. आणि मूठ सोडली की टक्! तो आवाज ऐकून मला खरंच भारी वाटलं. बंद का पडत होती तर एअर फिल्टर धुळीने गच्च भरला होता, तो बदलला. हा तेल लावलेल्या कागदाचा फिल्टर असतो, हवा मारून साफ करायचा नसतो, पुस्तिकेतल्या किलोमीटरची वाट बघू नका, आपल्याकडच्या धुळीत आधीच बदलावा लागतो.

आता तो कापलेला एक स्टार. बिल मिळत नाही, मागितलं तर कागदाच्या चिठोऱ्यावर आकडा लिहून देतात. बसायला एक खुर्ची, तीपण अर्ध्या वेळा कोणाच्या तरी पार्टनी अडवलेली. पार्ट ठेवत नाहीत, फिल्टर मलाच बाजारात जाऊन आणावा लागला. आणि "उद्या देतो" म्हणजे उद्याच असं समजू नका, लग्नसराईत तर मुळीच नाही. हो आणि फोन उचलत नाहीत.

नवीन फ्युएल इंजेक्शनच्या गाड्यांचं काम अर्धंच करतात, हे मायनस म्हणायचं की प्लस ते तुम्ही ठरवा. माझ्या मैत्रिणीची बीएस-सिक्स स्कूटर घेऊन गेलो तर मूठ साफ केली, केबलची ढील बघून दिली, पण ती स्लोबद्दल बोलली तेव्हा हात जोडले. या गाड्यांची स्लो कॉम्प्युटर सांभाळतो, पिळायला स्क्रू नाही, मशीन लावणाऱ्याकडे जा म्हणाले. येत नाही ते येत नाही म्हणून सांगणारा मेकॅनिक मला तरी पहिल्यांदा भेटला.

मजुरी फिल्टर सोडून दोनशेच्या आत झाली. जाणार असाल तर सकाळी लवकर जा, एप्रिल-मेमध्ये अकरानंतर त्या पत्र्याखाली उभं राहवत नाही आणि दुपारी नाना शेड ओढून घरी जातात. केबल खरंच बदलायची असेल तर गाडीचं मॉडेल आणि वर्ष दोन्ही दुकानात सांगून घ्या, जमलं तर जुनी सोबत न्या आणि लांबी शेजारी शेजारी धरून बघा. दिसायला एक असतात पण आखूड आली तर हँडल वळवताना परत तीच रड.