नेक्स्ट जेएसमध्ये लॉगिनमागचा डेटा: साधा राउट हँडलर की टीआरपीसी?

राउट हँडलर म्हणजे एखाद्या यूआरएलला उत्तर देणारं साधं सर्व्हर फंक्शन, तर टीआरपीसी म्हणजे सर्व्हरची फंक्शनं त्यांच्या टाइपसकट फ्रंटएंडमधून बोलावू देणारी टाइपस्क्रिप्ट लायब्ररी. आधी एवढंच बघा की तुमची एपीआय वापरणार कोण. फक्त तुमचाच रिअ‍ॅक्ट फ्रंटएंड, तोही त्याच रेपोमध्ये, तर माझं मत सरळ टीआरपीसी. राउट हँडलरला सर्व्हरवर कितीही टाइप लावा, ब्राउझरमध्ये फेच करून जेसन काढलं की टाइपस्क्रिप्टच्या लेखी ते एनी (काहीही चालेल असा टाइप), मग आपण 'अ‍ॅज ऑर्डर' (हे ऑर्डरच समज) लिहून मोकळे होतो, सर्व्हरवर कुणी फील्डचं नाव बदललं तरी बिल्ड पास, आणि फुटतं ते थेट प्रॉडक्शनला. तारखांचा घोळ वेगळाच: टाइपमध्ये डेट, हातात स्ट्रिंग. टीआरपीसीत क्लायंट राउटरचा (सगळ्या सर्व्हर फंक्शनांच्या यादीचा) टाइपच इम्पोर्ट करतो त्यामुळे एडिटरमध्येच लाल रेघ येते.

लॉगिनचंही तसंच. सेशन नसेल तर एरर फेकणारी प्रोटेक्टेड प्रोसिजर (प्रोसिजर म्हणजे टीआरपीसीतलं सर्व्हर फंक्शन) एकदा बनवली की तिच्यावर बांधलेल्या प्रत्येक ठिकाणी युजर नल नाही हे टाइपलाच माहीत असतं. राउट हँडलरला स्वतःचं रॅपर (हँडलरच्या आधी लॉगिन तपासणारं फंक्शन) लिहा, अवघड काही नाही, पण टीममध्ये कुणीतरी रॅपर न लावता राउट टाकतंच आणि रिव्ह्यूत निसटतं.

"आमच्या मिडलवेअर फाइलमध्ये चेक आहे की" यावर विसंबू नका हां (मिडलवेअर म्हणजे रिक्वेस्ट राउटपर्यंत पोचायच्या आधी चालणारा कोड). मार्च 2025 मध्ये नेक्स्टचं जे भोक बाहेर आलं त्यात स्वतः होस्ट केलेल्या अ‍ॅपला एक ठराविक हेडर पाठवला की ते मिडलवेअर अख्खं बायपास होत होतं (15.2.3 आणि 14.2.25 मध्ये दुरुस्त झालं). चेक डेटाच्या शेजारी हवा. आणि नुसतं लॉगिन बघून भागत नाही, ऑर्डर त्याच युजरची आहे का हे डेटाबेस क्वेरीच्या व्हेअर अटीतच टाका, युजर आयडी सेशनमधून घ्या, क्लायंटने पाठवलेला नको. इनपुट झॉडमधून (डेटा तपासणारी लायब्ररी) जाऊ द्या, रनटाइमला टाइप उरतच नाहीत. हे दोन्हीकडे लागू.

कोटलिन किंवा स्विफ्टमधलं मोबाइल अ‍ॅप असेल, बाहेरच्या कंपनीला एपीआय द्यायची असेल, पेमेंटचे वेबहुक (पेमेंट कंपनीच्या सर्व्हरने तुमच्या यूआरएलला आपणहून पाठवलेली सूचना) घ्यायचे असतील, तर मात्र राउट हँडलरच. त्यांना तुमच्या टाइपचा काडीचा उपयोग नाही, त्यांना साधी यूआरएल आणि नीट स्टेटस कोड पाहिजे: लॉगिन नाही तर 401, परवानगी नाही तर 403. सर्व्हर अ‍ॅक्शन (नेक्स्टमध्ये क्लायंटकडून थेट बोलावता येणारं सर्व्हर फंक्शन) डेटा आणायला वापरू नका, क्लायंटकडून ते एकामागून एक रांगेत जातात.

दोन्ही एकत्र ठेवले तरी चालतं, अ‍ॅप राउटरमध्ये (नेक्स्टची फोल्डरवरून राउट ठरवणारी पद्धत) टीआरपीसी स्वतःच एका राउट हँडलरवर बसतं, वेबहुकची फाइल त्याच्या बाजूला टाका.